कोठीच्या खोलीची खिडकी

माझी नणंद मला आवडत नाही. पूर्वी आवडत नव्हती आणि आता तर तिचं नाव काढलं तरी माझं डोकं उठतं. हे आधीच सांगून टाकते. म्हणजे पुढे तिच्याबद्दल एखादा चांगला शब्द माझ्या तोंडून निघाला, तर तो नाइलाजाने निघालाय हे लक्षात राहील.

ती घरं बांधते. एकसारखी पन्नास घरं नव्हेत. ज्यांना आपल्या मनासारखं एकच घर हवं असतं, अशा लोकांची. पाया भरून झाला की तिचं काम सुरू होतं. लाकडाचा सांगाडा उभा करायचा, छप्पर चढवायचं, बाहेरून भिंती बंद करायच्या, दारं-खिडक्या बसवायच्या. पाण्याचा थेंब आत शिरणार नाही असं घर करून दिलं की ती बाहेर पडते. आतली फरशी, रंग, नळ हे सगळं दुसरे लोक बघतात आणि राहायला तिसरेच येतात. तिचा जन्म यात गेला.

साइटवरचे लोक तिला पाठीमागे ‘काटकोन’ म्हणतात. ते नाव ज्याने कुणी ठेवलं त्याला माझा नमस्कार. उंच, हाडकुळी, केस कानाच्या वर कापलेले, पुरुषी शर्ट, खिशात चपटी पेन्सिल, पायात लोखंडी टोकाचे बूट. लाकडाचा ट्रक आला की एकेक खांब उचलून, एक डोळा मिटून त्याच्या लांबीवरून नजर टाकणार आणि जरा वाकडा दिसला की बुटाने बाजूला ढकलणार. माणसांशी वागणंही तसंच. सुतारांचा मुख्य मिस्त्री तिच्याबरोबर कितीतरी वर्षं आहे, पण त्यालाही सगळ्यांसमोर ऐकवायची, “ही भिंत उभी केलीयस की दारू पिऊन कुणी उभं राहिलंय?” मिस्त्री निमूट ओळंबा लावायचा. भिंत खरंच कललेली असायची, यानेच माझा जास्त जळफळाट व्हायचा.

राहायची साइटवरच. कंपनीचा एक पत्र्याचा कंटेनर असतो, अर्ध्यात ऑफिस आणि अर्ध्यात तिची खाट, शेगडी, दोरीवर चार कपडे. काम संपलं की कंटेनर ट्रकवर चढवायचा आणि पुढच्या जागेवर जायचं. तिने आयुष्यात भाड्याचं घर घेतलं नाही. “रोज ज्या जागी जायचं तिथेच राहिलेलं काय वाईट?” म्हणायची. लग्नाचं विचारायची कुणाची टाप नव्हती.

पण गेल्या काही वर्षांत तिचा गुडघा गेला. शिडी चढताना एक पाय वर टाकायचा आणि दुसरा हाताने ओढून घ्यायचा. कंपनीच्या मालकाने तिला तोंडावर सांगितलं होतं की ताई, हे शेवटचं घर, यानंतर तुम्ही परांचीवर चढायचं नाही. ते शेवटचं घर म्हणजे आमचं. ते झालं की कंटेनर कंपनीकडे परत जाणार आणि तिला राहायला जागा नाही, हे आम्हाला सगळ्यांना ठाऊक होतं. मी नवऱ्याला विचारलं, “मग ताई कुठे जाणार?” तो म्हणाला, “बघू.”

आमच्या ह्यांचं ‘बघू’ हे एक प्रकरण आहे. माझा नवरा फार गोड माणूस. ऑफिसात सगळ्यांचा लाडका, कुणाशी म्हणून वाकडं नाही. कारण वाकड्यात शिरायचं काम तो माझ्यावर सोपवतो. घरमालकाशी भांडायचं मी, गळक्या नळाबद्दल ओरडायचं मी, त्याच्या आतेभावाला ‘आता गाडी परत द्या’ म्हणून सांगायचं तेही मी. तो मागे उभा राहून ‘जाऊ दे गं’ म्हणणार. लोक म्हणतात, बिचारा! कसा निभावतो हिच्याबरोबर कोण जाणे.

आणि बहिणीबद्दल बोलायला लागला की त्याला किती सांगू आणि किती नको असं होतं. वडील सुतार होते, परांचीवरून पडले, तेव्हा ताई शाळा सोडून त्यांच्या जागी कामावर उभी राहिली आणि याला शिकवलं. ही गोष्ट ताईच्या तोंडून मी कधीही ऐकली नाही. याच्या तोंडून मात्र कान किटेपर्यंत ऐकलीय. आमचं लग्न ठरत होतं तेव्हा पहिल्या भेटीत अर्धा वेळ तो तिच्याबद्दलच सांगत होता. मला वाटलं, किती हळवा माणूस! हळवा आहेच. हळवं व्हायला कुठे पैसे पडतात?

तर घर बांधायला निघाल्यावर काम ताईकडे जाणार हे उघडच होतं. पहिल्याच दिवशी आमची जुंपली. मी साइटवर गेले तर ही कंटेनरच्या दारातून ओरडली, “चपला घालून इथे यायचं नाही.”

“घर माझं आहे,” मी म्हटलं.

“घर झालं की तुझं. तोवर ही साइट आहे आणि साइट माझी.” वर एक जुने बूट माझ्या पुढ्यात टाकले. दोन मापं मोठे. मी ते घालून फतक फतक करत सगळीकडे हिंडले आणि मिस्त्रीची माणसं तोंड फिरवून हसत होती. तो अपमान मी अजून विसरलेले नाही.

मग स्वयंपाकघराच्या खिडकीवरून झालं. मला ओट्यासमोर मोठी खिडकी हवी होती. ही म्हणाली, तिथे वरच्या तुळईचा भार येतो, होणार नाही. मी म्हटलं, होत नाही कसं, लोकांकडे असते. तर म्हणाली, “लोकांची छपरं मी बघायला जात नाही.” दोन-तीन दिवस आम्ही एकमेकींचं तोंड पाहिलं नाही. नंतर एकदा मी तिथे उभी असताना ती मागून आली, न विचारता मला खांद्याला धरून एका खांबाला टेकवून उभं केलं, माझ्या डोळ्यांच्या उंचीवर पेन्सिलीची रेघ मारली आणि निघून गेली. पुढच्या खेपेला गेले तर खिडकी झालेली होती. भार दोन जाड खांबांवर वाटून दिलेला. मोठी, आणि बरोबर माझ्या नजरेसमोर. ‘घे बाई तुझी खिडकी’ एवढं म्हणायला काय जात होतं? पण नाही. तिला द्यायचं असलं तरी बोलायचं नाही, मागायचं असलं तरी बोलायचं नाही. सगळं लाकडात. आभार मानायला गेले तर म्हणाली, “बाजूला हो, खिळा लागेल.”

असा सांगाडा वर वर चढत गेला. ज्यांनी लाकडाचं घर उभं राहताना पाहिलं नसेल त्यांना सांगते, त्या दिवसांत घरात काही लपत नाही. भिंती म्हणजे नुसते उभे खांब. पुढच्या दारातून बघितलं तर मागचं अंगण, त्यापलीकडची झाडं, सगळं आरपार दिसतं. कुठे खिडकी येणार, कुठे दार, हे मोकळ्या चौकोनांवरून कळतं.

त्यातूनच मला ते दिसलं. तळमजल्यावर मागच्या बाजूला कोठीची खोली होती. नकाशात तिला एकच दार, आतून. डबे, सुटकेसा, जुन्या गाद्या ठेवायला. त्या खोलीच्या बाहेरच्या भिंतीत एक चौकोन मोकळा सोडलेला होता. अंगणाकडे तोंड करून. चांगला रुंद, आणि खालची कड इतकी खाली की खाटेवर पडून बाहेरचं दिसावं. दारही नेहमीपेक्षा रुंद, आणि त्याला उंबऱ्याची पट्टी नाही. दुखऱ्या पायाने ओलांडायला नको म्हणून.

मी काही दुधखुळी नाही. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला.

“ताई, कोठीला खिडकी कशाला?”

ती छपराचं माप घेत होती. मान वळवली नाही. “खोली आहे. खोलीला खिडकी असते.”

“नकाशात नाहीये.”

“माहितेय.”

“मग?”

“फेरीच्या वेळी विचारीन,” ती म्हणाली आणि फितीचं टोक मिस्त्रीकडे फेकलं. माझ्याशी बोलणं संपलं.

ही फेरी म्हणजे तिची जुनी पद्धत. बाहेरचे तक्ते ठोकायच्या आधी ती घरमालकाला घेऊन घराभोवती एक चक्कर मारते. प्रत्येक मोकळ्या चौकोनापाशी थांबून विचारते, “ही ठेवायची?” मालक म्हणाला ठेवायची, की खडूने बरोबरची खूण. नको म्हणाला की फुली. त्यानंतर तक्ते ठोकले जातात, त्यांच्यावर पाणी अडवणारा कागद लागतो, खालून वर, वरचा थर खालच्यावर चढवत, म्हणजे पाणी उतरत जातं, आत शिरत नाही. मग वरून फळ्या. एकदा हे झालं की कुणी कितीही गयावया केली तरी ती भिंतीला भोक पाडत नाही. कापलेल्या जागी पाणी आज ना उद्या शिरतंच, म्हणते. फेरीत जे बोलाल ते शेवटचं.

घरी येऊन मी नवऱ्याला सगळं सांगितलं. त्याने चहाचा कप खाली ठेवला आणि खिडकीबाहेर बघत बसला. मी म्हटलं, “हे बघ, मला ती घरात नकोय. मी लपवत नाही. आम्ही दोघी एका छपराखाली राहिलो तर एक दिवस पोलीस बोलवावे लागतील. पण तिला जायला जागा नाही हेही खरं आहे. तेव्हा तू तिच्याशी बोल. हो म्हण, नाहीतर नाही म्हण. हो म्हणालास तर मी आदळआपट करीन, आणि नंतर गप्प बसेन. बहीण तुझी आहे.”

तर याने काय म्हणावं? “तूच सांग ना तिला. तुमचं तसंही पटत नाही. तू नाही म्हणालीस तर तिला काही वाटणार नाही. मी म्हणालो तर लागेल गं.”

म्हणजे बंदूक त्याची, खांदा माझा. मी हातातला पेला जोरात आपटला. तो म्हणाला, “बघू.”

फेरीच्या आदल्या संध्याकाळी मी साइटवर गेले होते, ताईला एकदाचं तोंडावर सुनवायला. वाक्यं तयार करून गेले होते. माणसं घरी गेली होती. कंटेनर बंद. मागच्या बाजूने गेले तर ती त्या कोठीत, उलट्या बादलीवर बसलेली, त्या मोकळ्या चौकोनासमोर. दुखरा पाय लांब सोडलेला, हातात चहाचा पेला. बूट काढून शेजारी ठेवले होते. साइटवर बूट काढले म्हणून तिने एकाला कामावरून घरी पाठवलेलं मी बघितलंय. आणि ही मोज्यांवर बसून अंगणाकडे बघत होती. तोंडावर भाव म्हणाल तर काही नाही. बाकी लोक आपल्या घरात बसतात तशी बसली होती.

मी आल्या पावली परत फिरले. मला दया आली असं कृपा करून समजू नका. मला संताप आला. तिचा आला, कारण एवढी फाडफाड बोलणारी बाई स्वतःच्या भावाला एक वाक्य बोलू शकत नाही. नवऱ्याचा आला, कारण त्याने मला तिकडे पाठवल्यासारखंच होतं. आणि मी मनाशी ठरवलं की उद्या काय वाट्टेल ते होवो, मी तोंड उघडणार नाही.

सकाळी फेरी निघाली. पुढे ताई, हातात खडू. मागे मिस्त्री, हातोडी कमरेला. मग नवरा, इस्त्रीचा शर्ट आणि डोक्यावर सैल पडणारं हेल्मेट. शेवटी मी, त्या दोन मापं मोठ्या बुटांत.

“पुढचं दार. ठेवायचं?”

“ठेवायचं.” खूण.

“बैठकीच्या दोन्ही. ठेवायच्या?”

“अर्थात!” खूण.

स्वयंपाकघराच्या खिडकीशी नवरा माझ्याकडे बघून हसला, मी म्हटलं ठेवायची. जिन्याची झाली. मग आम्ही मागे वळलो आणि कोठीपाशी आलो. ताईचा आवाज तसाच होता, थोडासुद्धा बदलला नाही. नजर मात्र भावाकडे नव्हती, लाकडाकडे होती.

“ही ठेवायची?”

नवरा हेल्मेटचा पट्टा चाचपायला लागला. “ही... ही नकाशात नव्हती ना?”

“नव्हती.”

“मग?”

“म्हणून विचारतेय.”

मिस्त्री जमिनीकडे बघत होता. त्याला सगळं ठाऊक असणार, ते खांब त्यानेच ठोकलेत. नवऱ्याने माझ्याकडे बघितलं. ती नजर मी चांगली ओळखते. घरमालक दारात आला की हीच नजर, गाडी परत मागायची असली की हीच. मी छपराच्या तुळया मोजायला लागले.

तो हसला. “हिला काय वाटतं ते विचारू या. घर काय, शेवटी बायकांनाच सांभाळायचं असतं.”

झालं. ठरवलेलं सगळं पाण्यात. “मला काय वाटतं ते तुला माहीत आहे,” मी म्हटलं, “आणि ताईंनाही माहीत आहे. पण त्यांनी मला विचारलेलं नाही. तुला विचारलंय.”

आता ताई वळली. माझ्याकडे नाही, त्याच्याकडे. मी तिला कधी कुणाच्या उत्तराची वाट बघताना पाहिलं नव्हतं. ती माणसाचं बोलणं अर्ध्यात तोडते. तेव्हा मात्र खडू हातात धरून उभी राहिली, आणि तिच्या डोळ्यांत जे होतं ते मला बघवलं नाही. मला मनापासून वाटलं, म्हण रे बाबा हो. मला! मला असं वाटलं!

“कोठीच आहे ना शेवटी,” तो म्हणाला. “ऊन यायचं, सामान खराब व्हायचं. मागची बाजू, चोरांची पण भीती...” मग बहिणीवरून नजर काढून तो मिस्त्रीला म्हणाला, “मिस्त्री, ही बंद करून टाक.”

मिस्त्री हलला नाही. त्याने ताईकडे बघितलं. ताईने हात उचलला आणि खांबावर फुली काढली. मोठी नाही, इतर खुणा होत्या तेवढीच.

“पुढची,” ती म्हणाली. “न्हाणीघराची ही. ठेवायची?”

“ठेव, ठेव!” नवरा म्हणाला. आवाजात इतका सुटल्याचा आनंद, की मला तिथल्या तिथे त्याचं हेल्मेट काढून त्याच्याच डोक्यात घालावंसं वाटलं.

मिस्त्री म्हणाला, “मी करतो बंद.” ती म्हणाली, “राहू दे. माझं मी करते.” त्या दुपारी तिने स्वतः खालची आडवी पट्टी काढली, नवे खांब कापून उभे केले, तक्ता ठोकला. मी तिथेच घुटमळत होते. जायला हवं होतं, पण पाय निघेना.

“ताई, आधी घरी येऊन दार लावून बोलायचं होतंत त्याच्याशी,” मी म्हटलं. “चारचौघांत विचारायची ही काय जागा झाली?”

तिच्या तोंडात खिळे होते. ते काढून हातात घेतले. “फेरीत जास्तीच्या खिडकीला आजवर कुणी नाही म्हटलं नव्हतं,” ती म्हणाली. “खिडकी कुणाला नको असते?”

एवढी घरं उभी केली, एवढ्या लोकांना टोपी फिरवताना पाहिलं, आणि ही बाई धरून चालली होती की परक्या गिऱ्हाइकांनी जे केलं ते सख्खा भाऊ करीलच. “तुम्ही अगदी...” मी सुरुवात केली.

“तू खूश आहेस ना? मग तिथून हात काढ. कागद सुरकुततोय.”

बघा. अशा बाईबद्दल कुणाला माया वाटेल?

संध्याकाळी मी नवऱ्याला धारेवर धरलं. तो खरोखर गोंधळला होता. “तुलाच नको होती ना ती?”

“हो, मला नको होती.”

“मग? तुझ्यासाठीच म्हणालो मी.” आणि तो जेवायला बसला. त्याला झोपही शांत लागली.

मला वाटलं, आता ती काम अर्धवट टाकून जाईल. मी असते तर रातोरात छपराचे खिळे उपटले असते. पण तिने पुढचं सगळं काम पूर्वीपेक्षा कडक केलं. कागदाचा एक थर उलटा चढलेला दिसला तर अख्खी भिंत सोलायला लावली. मिस्त्रीला सळो की पळो करून सोडलं. फळ्या चढल्या, खिडक्या बसल्या, मग एक दिवस तिने रबरी नळी घेऊन एकेका खिडकीवर पाण्याचा मारा केला आणि मला आत उभं केलं, कुठे थेंब दिसतो का बघायला. मी डोळ्यांत तेल घालून बघत होते. एखादा तरी सापडावा अशी इच्छा होती. एकही सापडला नाही. मागच्या भिंतीत कधी काही मोकळं होतं हे आता तिथे राहणाऱ्यालाही कळणार नाही, मलासुद्धा बोट दाखवून सांगता येत नाही.

कंटेनर ट्रकवर चढला त्या दिवशी तिने दोन पिशव्या घेतल्या आणि एका हार्डवेअरच्या दुकानावरच्या खोलीत राहायला गेली. तिसरा मजला, बिनलिफ्टचा. मी एकदा गेले होते, तिचा राहिलेला ओळंबा द्यायला. जिना बघून मी म्हटलं, “गुडघ्याचं काय?” म्हणाली, “चढते.” मी म्हटलं, “कोठी रिकामीच आहे. या तिकडे.” हे मी का म्हटलं ते मला विचारू नका. ती म्हणाली, “बिनखिडकीच्या खोलीत सामान ठेवतात.” मी म्हटलं, मग भिंतीत खिडकी पाडू या, मी सांगते त्याला. तर जी भडकली! “चांगली बंद केलेली भिंत कापायची? पाणी शिरवायचंय का घरात? अक्कल आहे का?” मी ओळंबा टेबलावर ठेवला आणि निघाले. खाली येईपर्यंत दातओठ खात होते.

आम्ही राहायला गेल्यावर नवऱ्याने ऑफिसातल्या लोकांना घर बघायला बोलावलं. त्याचे साहेब, साहेबांची बायको, आणखी काही जण. ताईलाही बोलावलं होतं, कारण घर कुणी बांधलं ते लोकांना दाखवायला नको? ती आली. तोच शर्ट, इस्त्री केलेला. कोपऱ्यातल्या खुर्चीत चहाचा कप घेऊन बसली, आणि मधूनमधून दाराच्या चौकटीला डोळ्याने माप लावत होती.

नवरा लोकांना खोल्या दाखवत फिरला. “हे सगळं माझ्या ताईने उभं केलंय हं. एकेक खांब तिच्या हाताखालून गेलाय.” लोक वा वा करत होते. साहेबांच्या बायकोने विचारलं, “किती छान! मग त्या तुमच्याबरोबरच राहतात का?”

नवऱ्याने सुस्कारा सोडला. माझ्याकडे बघून, जरासं हसून, आवाज खाली आणला. पण सगळ्यांना ऐकू जाईल एवढाच. “माझी फार इच्छा होती हो. पण काय आहे, ताईचं आणि हिचं जरा... पटत नाही. घरोघरी असतंच ना ते.”

सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. समजूतदारपणे. साहेबांच्या बायकोने तर मानही हलवली.

माझ्या हातात ट्रे होता, तो मी खाली ठेवला. “आमचं पटत नाही हे शंभर टक्के खरं आहे,” मी म्हटलं. “मला त्या आवडत नाहीत, त्यांना मी आवडत नाही. पण त्यांनी या घरात स्वतःसाठी एक खोली मागितली होती. त्या मागच्या भिंतीत खिडकीची जागा सोडून, सगळ्यांसमोर विचारलं होतं ठेवायची का म्हणून. तेव्हा मी नाही म्हटलं नाही. ‘बंद करून टाक’ कोण म्हणालं ते यांना विचारा. मिस्त्रीला विचारा. ताईंना विचारा, त्या इथेच बसल्यात.”

नवऱ्याचा चेहरा पांढरा पडला होता. आयुष्यात पहिल्यांदा मी तिच्या बाजूने उभी होते, आणि मी तिच्याकडे बघितलं.

ताईने कप बशीत ठेवला. गुडघ्यावर हात दाबून उठली. माझ्यासमोर येऊन उभी राहिली, आणि साइटवर वाकड्या भिंतीशी बोलायची त्याच आवाजात म्हणाली, “पुरे झालं. माझ्या भावाला लोकांसमोर असं बोलायचं नाही. घर तुझं असलं म्हणून काय झालं? अशी कुठलीही खिडकी नव्हती. नकाशा काढून बघ.”

एवढं बोलून पिशवी उचलली आणि दाराकडे निघाली. मला तोंडात मारल्यासारखं झालं. इतका राग मला तिचा कधी आला नव्हता, आणि आजही तो तसाच आहे.

नवऱ्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. खरं पाणी, खोटं नाही. “बघितलंत?” तो लोकांना म्हणाला. “अशी आहे माझी ताई.” लोक हळहळले, त्याच्याजवळ सरकले. खिडकीतून मला ती दिसत होती. एक पाय टाकत, दुसरा ओढत, फाटकाकडे चाललेली. फाटकापर्यंत पोचायला तिला बराच वेळ लागला. पण त्याची पाठ तिकडे होती. तो लोकांना तिच्याबद्दल सांगत होता.